सुरगाठ

सम्राटाला आम्ही कधी पाहिलं नाही.
रस्ता पाहिला,
तोही आम्हीच बांधला म्हणून.

माझ्याकडे शंभर चुलींचा हिशेब.
शंभर आपलं म्हणायचं; मोजल्या तर ब्याण्णव.
दर दहा चुलींवर एक माणूस, पन्नासांवर आणखी एक,
आणि सगळ्यांवर आमचा वामान चुंपी,
ज्याच्या आजाने याच राज्यापुढे भाला टाकला
नि बदल्यात मिळवले दोन तलम झगे
आणि हे खोरं,
जे आधीही त्याचंच होतं.

मी गाठी मारतो.
पुरुष पिवळट लोकरीचे, बाया तपकिरी,
दहाची गाठ वर, एकाची खाली,
आणि जिथे कोणी उरलं नाही तिथे
नुसता दोर.
बोट घसरत जातं.

राज्य वय विचारत नाही, कामाचं विचारतं.
रांगणारा. पाखरं हाकणारा. ओझं नेणारा.
मग भाला पेलणारा, आणि बराच काळ तोच.
शेवटी झोपणारा म्हातारा.
हा शब्द माझा नाही, कुस्कोहून आलाय.
बापाला मी त्या गाठीत बसवलं
तेव्हा तो जागा होता,
माझ्या हातांकडे बघत होता.

खोटं कशाला बोलू?
हिवाने बटाटा काळा पडला त्या वर्षी
टेकडीवरची कोठारं उघडली.
मका, सुकवलेले बटाटे, खारवलेलं मांस,
मीच वाटलं, मीच एकेक गाठ सोडली.
एकही चूल विझली नाही.
पुढच्या वर्षी तेच लोक आले
चौदा चुली मागायला.
खाली उष्ण खोऱ्यात मक्याला माणसं हवीत म्हणाले.
खाल्ल्या मक्याला जागलो आम्ही.

चौदांत माझी धाकटी, कुसी.
हुकूम असा, की तिथेही डोक्याला
आपल्याच गावची पट्टी बांधायची.
विसरू नये म्हणून नव्हे,
लांबून ओळखू यावं म्हणून.
तिचा दोर मी कापला नाही, हिरवा केला.
हिरवे म्हणजे गेलेले.
मेलेल्यांचा रंग वेगळा आहे.

यंदा तपासनीस आला. हुद्द्याचं नाव ‘सगळं पाहणारा’.
उन्हाने डोळे चुरचुरत होते त्याचे,
सारखं पाणी मागत होता.
दोर मांडीवर घेऊन बोटांनीच वाचत गेला
आणि तोक्तोच्या वाल्पापाशी आला.
माझा दोर म्हणतो, वाल्पा पाखरं हाकतो.
तोक्तोचा नवरा पुलाच्या कामावर गेला तो गेला,
थोरला उत्तरेच्या लढाईत.
म्हणून चार वर्षं झाली, वाल्पा पाखरंच हाकतो.

नेमकं तेव्हाच बांधावरून
वाल्पाने राव्यांना हाळी दिली
आणि चांगला भरदार पुरुषी आवाज
समोरच्या कड्यावर आपटून
आमच्यापर्यंत परत आला.

तपासनिसाचं बोट थांबलं.
माझ्या साऱ्या गाठी निरगाठी.
ही एक सुरगाठ,
टोक ओढलं की सुटणारी,
माझी मलाच सोडायला सोपी जावी म्हणून.
त्याने टोक चिमटीत धरलं.
मी घशाखाली आवंढा उतरवला.

मग तो बोलला, कुस्कोच्या भाषेत नाही,
कुठल्यातरी किनाऱ्याकडच्या, तुटक.
मला दोनच शब्द कळले: ‘बाप’ आणि ‘चालत’.
पुढे सरकारी भाषेत म्हणाला,
“गाव कोणतं ते दोरावर असेल.
मला कुणी सांगितलं नाही.”
आणि पाणी मागितलं.

रात्री ती गाठ चाचपली.
अर्धी ओढलेली होती.
सुटली नव्हती.

पुढच्या वर्षी दुसरा कुणी येईल,
चांगल्या डोळ्यांचा.
सकाळी बांधावर जाऊन वाल्पाला सांगितलं,
अरे, गोफण पुरे.
ओरडत जाऊ नकोस.